दोनशे एकेचाळिसावा दिवस

मराठवाड्यातल्या वाळूज एमआयडीसीत २४० हा आकडा कुणाला समजावून सांगावा लागत नाही. फर्स्ट शिफ्ट सुटल्यावर ओअॅसिस चौकातल्या एखाद्या चहाच्या टपरीवर उभं राहावं आणि कान द्यावा. ‘किती झाले रे?’ ‘दोनशे पाच.’ ‘मंग आता ब्रेक.’ विचारणारा पगाराचं विचारत नसतो, दिवसांचं विचारत असतो. बारा महिन्यांत २४० दिवस अखंड भरले, तर तात्पुरत्या कामगाराला लेखी आदेशानं कायम करावं, असं महाराष्ट्राच्या आदर्श स्थायी आदेशांतलं ४-सी कलम सांगत आलं. म्हणून सात महिने झाले की गेटपास परत घ्यायचा, आणि महिनाभर गावी काढून आलेल्या त्याच पोराला दुसऱ्या ठेकेदाराच्या नावावर त्याच मशीनवर उभं करायचं, ही रीत पडली. कायदा कामगारासाठी केलेला, पण त्याचं गणित मालकानं आधी पाठ केलं. आता नव्या श्रमसंहितेनं मुदतबंद नोकरीच रीतसर करून टाकली आहे. तरी २४० काही जिभेवरून गेलेला नाही.

१९८५ मध्ये बजाजचा कारखाना इथं सुरू झाला. त्यामागोमाग सुट्या भागांचे, औषधांचे, टायरचे, बिअरचे कारखाने आले आणि रांजणगाव शेणपुंजी, जोगेश्वरी, कमळापूर, वडगाव कोल्हाटी, पंढरपूर ही गावं एकमेकांत मिसळून गेली. या पंढरपूरला लोक ‘छोटं पंढरपूर’ म्हणतात. आषाढीला रजा न मिळालेला कामगार इथलाच विठोबा गाठतो. लग्नाच्या बायोडाटात ‘वाळूज एमआयडीसीत नोकरी’ एवढं वाचून मुलीकडचे फोन ठेवत नाहीत. पुढचा प्रश्न येतोच, ‘परमनंट आहे का?’

परमनंट-टेम्पररीचा एवढा सराव असलेल्या या गावात, टेम्पररी असून चटकन ओळखू न येणारी एक जमात आहे. ती सकाळी इस्त्रीचे कपडे घालून निघते, तिला लोक रस्त्यात ‘सर’, ‘बाई’, ‘मॅडम’ म्हणून थांबवतात, आणि तिचा आदेश एप्रिलअखेर संपलेला असतो.

इथल्याच एका खासगी शाळेत वरच्या वर्गांना गणित शिकवणाऱ्या बाई भेटल्या. अकरा वर्षं झाली. दर जूनला नवा कागद, दर उन्हाळ्यात तो बाद. नवरा ठेकेदाराकडं. ‘घरात दोघंही टेम्पररी,’ त्या म्हणाल्या, ‘सासूबाई तेवढ्या परमनंट.’ स्वतःच हसल्या आणि समोरच्या गठ्ठ्यातल्या पेपरवर गुणांची बेरीज करू लागल्या. नाव छापू नका, एवढं मात्र दोनदा म्हणाल्या. कारण विचारायची गरज नव्हती. जून जवळ आला होता.

नवऱ्याला निदान तो २४० चा आकडा तरी होता. बाईंना तोही नाही. का नाही, याचं उत्तर गोव्यातल्या एका खटल्यात आहे. तिथल्या एका शिक्षिकेला १९७५ मध्ये शाळेनं काढून टाकलं. तिनं औद्योगिक विवाद कायद्याखाली दाद मागितली आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. ए. सुंदरंबल विरुद्ध गोवा, दमण व दीव सरकार, निकाल १९८८. शिक्षणसंस्था हा ‘उद्योग’ ठरू शकतो, हे न्यायालयानं मानलं. पण शिक्षक ‘कामगार’ नाही, कारण तो अंगमेहनतीचं, तांत्रिक, कारकुनी किंवा देखरेखीचं काम करत नाही. विद्यादान हे थोर व्रत आहे. थोडक्यात, शाळेतला शिपाई कामगार ठरू शकतो, लिपिक ठरू शकतो, शिक्षक मात्र थोर. थोरपणाची एवढी महाग किंमत दुसऱ्या कुठल्या व्यवसायानं मोजली असेल, असं मला वाटत नाही. कामगार नेत्यानं गेटवर भाषण ठोकलं तर बाईंच्या नवऱ्याला त्यात जागा आहे. बाईंनी फक्त गुरुपौर्णिमेला फुलं घ्यायची.

शिक्षकांसाठी महाराष्ट्रात वेगळा कायदा आहे, तो बरा आहे, आणि तिथंच खरी गंमत आहे. १९७७ चा खासगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा अधिनियम. त्याचं पाचवं कलम सांगतं की कायम रिक्त पदावर पात्र माणूस परिविक्षेवर नेमावा आणि दोन वर्षांचा तो काळ संपला की त्याला कायम झालेला मानावं. ‘मानावं’ हा शब्द मोलाचा. संस्थेनं काही लिहून दिलं नाही तरी तो कायम. पुढं शिक्षणसेवक आले तेव्हा दोनाची तीन वर्षं झाली, तरी गाभा तोच. मग बाई अकरा वर्षं लटकल्या कशा? कारण त्यांच्या प्रत्येक आदेशात ‘परिविक्षा’ हा शब्द येऊ दिलेला नाही. तिथं ‘एका शैक्षणिक वर्षापुरती’ असं असतं. उन्हाळ्याची सुट्टी हा त्यांचा ब्रेक. कारखान्याला महिनाभराची फट मुद्दाम पाडावी लागते, शाळेला ती दिनदर्शिकेनंच दिलेली आहे.

ही युक्ती नवी नाही. हरियाणा सरकार हंगामी शिक्षकांना सत्राच्या सुरुवातीला घेऊन सुट्टीआधी काढायचं, सुट्टीनंतर पुन्हा घ्यायचं. १९८५ मध्ये रतनलाल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं त्यावर कडक ताशेरे ओढले आणि सुट्टीचा पगार द्यायला लावला. त्याच वर्षी वाळूजला पहिली स्कूटर बाहेर पडत होती. पुढच्या चाळीस वर्षांत स्कूटर गेली, मोटारसायकल आली, रिक्षा विजेवर आल्या. मे महिन्याचा ब्रेक जागचा हलला नाही.

*

‘कायम’ हा शब्द मराठी शिक्षकानं दोन अर्थांनी भोगला आहे. २००१ मध्ये सरकारनं नव्या शाळांना परवानगी देताना एक अट घातली : ‘कायम विनाअनुदानित’. म्हणजे अनुदान मागायचं नाही, कधीच नाही. मास्तर टेम्पररी, पण त्याची उपासमार कायम. वाळूज पट्ट्यासारख्या झपाट्यानं वाढणाऱ्या वस्त्यांसाठी हा निर्णय सोयीचा होता. लेकरं रोज वाढत होती, सरकारला पदं द्यायची नव्हती, संस्थाचालकाला पत्र्याची शेड उभी करायला वेळ लागत नव्हता. २००९ मध्ये तो ‘कायम’ शब्द काढला. शब्द गेला तरी पैसे आले नाहीत. मूल्यांकन, पात्र-अपात्र, घोषित-अघोषित अशा याद्यांमधून फिरत २०१६ साली पहिला वीस टक्क्यांचा टप्पा हाती लागला. टप्पा अनुदान या शब्दावर मराठवाड्यातल्या कित्येक मास्तरांची ऐन उमेद खर्च झाली. पोरगा दहावीला गेला तेव्हा बाप वीस टक्क्यांवर होता आणि पोराला नोकरी लागायची वेळ आली तरी शंभरावर पोचला नव्हता, अशी घरं मी पाहिली आहेत.

४ ऑक्टोबर २०१६. राज्य मंत्रिमंडळाची बैठक औरंगाबादला होती, शहराचं नाव तेव्हा तेच होतं. विनाअनुदानित शाळांतले शिक्षक मोर्चा घेऊन आले आणि त्यांच्यावर लाठ्या पडल्या. मोर्चा पांगला, शिक्षकांवरच गुन्हे दाखल झाले. त्या दिवशी मोर्चात असलेले एक गृहस्थ सांगत होते, ‘पाठीवरचा वळ चार दिवसांत गेला. वर्गात एका पोरानं विचारलं, सर तुम्हाला का मारलं? त्याचं उत्तर अजून सापडलं न्हाई.’

जिल्हा परिषदेची गोष्ट वेगळी. तिथं आज कायम असलेल्या माणसांमध्येही टेम्पररीपणाची हाडं सापडतात. वाळूजहून गंगापूरकडं किंवा वैजापूरकडं गेलं की शेतवस्त्या सुरू होतात. गाव एकीकडं, लोक राहतात आपापल्या मळ्यात. सहा वर्षांचं लेकरू ओढा ओलांडून शाळेला जाणार कसं? म्हणून २०००-०१ च्या सुमाराला वस्तीशाळा निघाल्या. वस्तीवरचाच शिकलेला मुलगा किंवा सून, पदनाम ‘स्वयंसेवक’, मानधन महिना १००० रुपये. शाळा म्हणजे कुणाच्या तरी गोठ्याची पडवी, समाजमंदिर, नाहीतर लिंबाचं झाड. पुढं स्वयंसेवकाचा ‘निमशिक्षक’ झाला. निम्मा शिक्षक! मराठीत निमसरकारी असतं, निमगोरा असतो. निमशिक्षक ही भर शिक्षण खात्याची. या माणसांनी नोकरीत असतानाच पत्रद्वारा डी.एड. केलं. दिवसा पोरांचे पाढे, रात्री स्वतःची स्वाध्यायपुस्तिका.

गंगापूर तालुक्यातल्या अशाच एका गुरुजींनी पत्र्याच्या पेटीतून कागद काढून दाखवले. ग्रामशिक्षण समितीचा ठराव, पहिल्या हजेरीपटाची झेरॉक्स, मानधन सहा-सहा महिन्यांनी मिळाल्याच्या नोंदी. शेवटचा कागद प्लास्टिकच्या पिशवीत वेगळा जपलेला : १ मार्च २०१४ पासून नियमित शिक्षक. तेरा वर्षांनी पूर्ण शिक्षक झाले. पेढे वाटले. ‘मग?’ मी विचारलं. गुरुजी म्हणाले, ‘मग काय, सरकार म्हणतंय मी १ मार्च २०१४ ला जन्मलो.’

हे वाक्य समजायला पेन्शनचा हिशेब माहीत हवा. महाराष्ट्रात १ नोव्हेंबर २००५ किंवा त्यानंतर सेवेत आलेल्याला जुनी पेन्शन नाही. गुरुजी शिकवायला लागले २००१ ला. पण सेवा धरली २०१४ पासून. मधली तेरा वर्षं त्यांच्या केसांत दिसतात, पहिल्या तुकडीतल्या पोरांच्या पोरांत दिसतात, फक्त सेवापुस्तकात दिसत नाहीत. वेतनवाढी, निवडश्रेणी, पेन्शन सगळं त्या एका तारखेवर अडलेलं. आणि याच सरकारनं २०२४ च्या फेब्रुवारीत दुसऱ्या काही कर्मचाऱ्यांसाठी निराळा न्याय लावला : जाहिरात १ नोव्हेंबर २००५ च्या आधीची असेल तर रुजू नंतर झालात तरी जुन्या पेन्शनचा पर्याय. निर्णय चांगलाच आहे. पण ज्यांनी नोकरीची नुसती जाहिरात वाचली होती त्यांची तारीख मागं जाऊ शकते, आणि ज्यांनी त्याच दिवशी वर्गात फळा पुसला होता त्यांची जाऊ शकत नाही, हे गुरुजींना पटवून देण्याची जबाबदारी मी घेणार नाही.

म्हणून कायम करावं की नाही, हा प्रश्न मला अर्धा वाटतो. कोणत्या तारखेपासून, हा उरलेला अर्धा. आदेश देताना सरकार उदार असतं, तारीख टाकताना कंजूष.

वस्तीशाळा निघाल्या त्याच सुमाराला, २००० साली, शिक्षणसेवक योजनाही आली. तीन वर्षं मानधनावर, मग कायम. प्राथमिकला ३००० रुपये होते. त्या काळात ‘तीन हजारी गुरुजी’ ही चेष्टेची पदवी होती. पुढं प्राथमिक, माध्यमिक आणि उच्च माध्यमिकला अनुक्रमे ६०००, ८०००, ९००० झाले आणि वर्षानुवर्षं तिथंच थांबले. २०२२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानं कान उपटले, तेव्हा १ जानेवारी २०२३ पासून १६,०००, १८,००० आणि २०,००० झाले. या योजनेला मी फार नावं ठेवत नाही. तिला निदान शेवट होता. तीन वर्षं मोजून संपायची. नंतरच्या काळात शेवट नसलेल्या योजना आल्या. २ मे २०१२ च्या निर्णयानं भरती थांबली, २०१७ मध्ये शिक्षकभरतीच्या पवित्र पोर्टलची घोषणा झाली, आणि मधल्या रिकाम्या जागांत तासिकावाले, मानधनवाले, निवृत्त झालेले भरले गेले. जुलै २०२३ मध्ये निवृत्त शिक्षकांना २०,००० रुपयांवर परत बोलावायचं ठरलं. त्याच सप्टेंबरात नऊ खासगी एजन्स्यांकडून माणसं घेण्याचा निर्णय आला आणि ऑक्टोबरात ओरड झाल्यावर मागं घेतला. २०२४ च्या शिक्षकदिनी, तारीख मुद्दाम सांगतो, ५ सप्टेंबरला, कमी पटाच्या शाळांवर १५,००० रुपयांत कंत्राटी शिक्षक नेमायचा आदेश निघाला. २०२५ च्या फेब्रुवारीत तोही रद्द. अलीकडं ‘युवा कार्य प्रशिक्षण’ योजनेतली पोरं शाळांत दिसतात. सहा महिन्यांचे प्रशिक्षणार्थी, मग अकरा महिन्यांचे. आता त्यांचेही मोर्चे निघतात, आणि मागणीचा फलक तोच : कायम करा. ज्या मुलाला आपण वर्गावर उभं करतो तो उद्या हक्क मागणार, हे खात्याला दर वेळी नव्यानं कळतं.

*

न्यायालयाकडं वळू, कारण शेवटी सगळे तिथंच जातात. टेम्पररी माणसांच्या दुनियेत ‘उमादेवी’ हे नाव यमासारखं घेतलं जातं. कर्नाटक सरकार विरुद्ध उमादेवी, १० एप्रिल २००६, पाच न्यायमूर्तींचं घटनापीठ. निकालाचा मथितार्थ असा : सरकारी नोकरी ही सगळ्या नागरिकांची आहे, समान संधी हा घटनेचा शब्द आहे, तेव्हा मागच्या दारानं आलेला माणूस कितीही वर्षं राबला तरी त्या जोरावर कायम होणार नाही. एक खिडकी मात्र उघडी ठेवली. मंजूर पदावर, पात्रता असलेला, न्यायालयाच्या आदेशाच्या टेकूविना दहा वर्षं काम केलेला माणूस असेल, तर एकदाच त्याचा विचार करा. सरकारांनी भिंत तेवढी लक्षात ठेवली, खिडकी विसरली.

विसरलेली खिडकी आठवून देण्याचं काम अलीकडं सुरू झालं. डिसेंबर २०२४ मधला जग्गो प्रकरणाचा निकाल केंद्रीय जल आयोगातल्या झाडलोट करणाऱ्या बायकांचा आणि माळीकाम करणाऱ्याचा आहे. न्यायालय म्हणालं, उमादेवीची ढाल करून सरकारनं माणसं वर्षानुवर्षं राबवावीत असा तो निकाल नव्हताच. पीठावर न्यायमूर्ती विक्रम नाथ यांच्यासोबत न्यायमूर्ती प्रसन्न वराळे होते. वराळे इथल्याच मराठवाडा विद्यापीठातून कायदा शिकले आणि नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला औरंगाबादच्या आंबेडकर विधी महाविद्यालयात व्याख्याते होते. ऑगस्ट २०२५ मध्ये गुजरातच्या कंत्राटी सहायक प्राध्यापकांच्या प्रकरणात न्यायमूर्ती नरसिंह आणि बागची यांनी आणखी स्पष्ट सुनावलं. ३०,००० रुपयांवर तेच काम, शेजारच्या खोलीत लाखाच्या वर पगार. समारंभात गुरुवंदनेचा श्लोक म्हणून भागत नाही, असा त्या निकालाचा सूर आहे. सुंदरंबलमधल्या ‘थोर व्रता’ला सदतीस वर्षांनी मिळालेलं हे उत्तर समजावं.

महाराष्ट्राला मात्र दिल्लीपर्यंत जायची गरज नव्हती. २०१३ मध्ये नागपूर खंडपीठानं सचिन दवले प्रकरणात शासकीय तंत्रनिकेतनांतल्या कंत्राटी अधिव्याख्यात्यांना कायम करायला सांगितलं होतं. तीन वर्षं सेवा झालेल्यांना. कारण सरळ होतं. त्यांची जाहिरात निघाली होती, निवड समितीनं मुलाखती घेतल्या होत्या, पात्रता पुरी होती, पदं रिकामी होती. ही माणसं पुढच्या दारानं आली होती. दारावरची पाटी तेवढी ‘कंत्राटी’ होती.

पुढचं दार आणि मागचं दार हा फरक मी सोडायला तयार नाही, मग टेम्पररी मित्र रागावले तरी चालेल. औरंगपुऱ्यातल्या अभ्यासिकांत जाऊन बसा. खुर्चीला गादी बांधून, डबा शेजारी ठेवून बसलेली डी.एड., बी.एड. झालेली पोरं-पोरी. टीईटी ही पात्रता परीक्षा झाली, टेट ही अभियोग्यता चाचणी झाली, पवित्र पोर्टलवर प्राधान्यक्रम भरले, फोन उशाशी. त्यांच्यातली एक मुलगी म्हणाली, ‘संस्थेत लागायला पैसे नव्हते म्हणून मी इथं आहे सर. ज्यांच्याकडं होते ते आत आहेत. आता आत असल्याचेच मार्क?’ याला उत्तर नाही. डोनेशन हा शब्द शिक्षणाच्या कुठल्या शासन निर्णयात सापडत नाही. संस्थाचालकाच्या बैठकीत मात्र त्याच्याशिवाय चहा येत नाही. २०१९-२० च्या टीईटीत ७,८७४ उमेदवार गैरप्रकारात सापडले. २०२५ मध्ये नागपूर विभागातला शालार्थ आयडीचा घोटाळा बाहेर आला : नेमणुका बनावट, पगार खरे. सरसकट कायम करा म्हणताना ही माणसंही त्या सरसकटात बसतात. उत्तर प्रदेशात मानधनावरच्या सुमारे पावणेदोन लाख शिक्षामित्रांना सरकारनं सहायक शिक्षक केलं. २५ जुलै २०१७ ला सर्वोच्च न्यायालयानं ते रद्द केलं, कारण पात्रतेचा नियम ओलांडला होता. मतांसाठी दिलेलं कायमपण न्यायालयात टिकत नाही, आणि मोडतं तेव्हा माणसासकट मोडतं.

दुसरा आक्षेप अधिक बोचरा आहे. कायम झाला की मास्तर आळसावतो. हे पारावर बोललं जातं तसं अर्थशास्त्राच्या शोधनिबंधातही आहे. कार्तिक मुरलीधरन आणि वेंकटेश सुंदररामन यांनी आंध्रात मोठा प्रयोग केला. कंत्राटी शिक्षक जास्तीचे दिलेल्या शाळांतली मुलं पुढं गेली. कंत्राटी शिक्षकांची गैरहजेरी १८ टक्के, कायमवाल्यांची २७. आणि कायमवाल्यांचा पगार सुमारे पाचपट. हे आकडे मी लपवणार नाही. पण त्यातून ‘सगळ्यांना टेम्पररी ठेवा’ हा निष्कर्ष काढणाऱ्यानं केनियाही वाचावा. तिथं एका संस्थेनं चालवलेला कंत्राटी शिक्षकांचा प्रयोग चांगला उतरला. सरकारनं देशभर तोच करायला घेतला तेव्हा परिणाम नाहीसा झाला. पगार थकले, देखरेख गेली, संघटना उभी राहिली. भीतीवर शाळा दोन वर्षं चालते. अकराव्या वर्षी त्या भीतीची सवय होते. गणिताच्या बाई संध्याकाळी दोन शिकवण्या घेतात आणि उन्हाळ्यात एका दुकानात हिशेब लिहितात. त्यांचं मन वर्गात शंभर टक्के असावं ही अपेक्षा मी तरी करू शकत नाही. तपासणी हवी असेल तर कायम माणसाची करा. १ सप्टेंबर २०२५ ला सर्वोच्च न्यायालयानं नोकरीत असलेल्या, निवृत्तीला पाच वर्षांहून अधिक काळ उरलेल्या शिक्षकांनाही दोन वर्षांत टीईटी उत्तीर्ण व्हायला सांगितलं, आणि तो खटला महाराष्ट्रातूनच गेलेला होता. वीस-वीस वर्षं शिकवलेल्यांना हे जड जाणार, त्यांची तक्रार खोटी नाही. पण कायमपण आणि कसोटी एकत्र नांदू शकतात, एवढं त्यातून दिसलं.

मग करायचं काय? वाळूजचाच धडा घ्यावा असं मला वाटतं, पण उलट्या बाजूनं. इथं माणसाचे दिवस मोजले आणि मालकानं माणूस बदलला. दोनशे एकेचाळिसावा दिवस कुणाच्या वाट्याला येऊच दिला नाही. शिक्षकाचं वर्ष मोजलं तर संस्था जूनमध्ये नवा शिक्षक आणील, नाहीतर त्याच शिक्षकाला नवा कागद देईल. म्हणून मोजायची ती खुर्ची. सहावीच्या वर्गाला गणित लागतंय, गेली तीन वर्षं लागतंय, आणि तीन वर्षं तिथं कुणीतरी टेम्पररी उभं आहे; तर ते पद कायम आहे, माणूस कोणीही असो. ते पद त्या दिवशी आपोआप मंजूर धरा. त्यावर कोण बसेल याचा निवाडा खुल्या परीक्षेनं व्हावा. मात्र जो तिथं राबला त्याच्या अनुभवाला वजन द्या, वयाची सूट द्या, आणि तो निवडला गेला तर त्याची तारीख पहिल्या दिवसाची धरा. बिहारनं २०२४ मध्ये नियोजित शिक्षकांसाठी सक्षमता परीक्षा घेऊन त्यांना राज्य कर्मचारी केलं; पद्धत ओबडधोबड असेल, दिशा ती आहे. आपल्याकडंही दिव्यांग मुलांच्या विशेष शिक्षकांसाठी २०२४ मध्ये ४,८६० पदं निर्माण करून आधी कंत्राटावर असलेल्यांना सामावून घ्यायचं ठरलं. म्हणजे इच्छा झाली की पदं सापडतात.

वाळूजमध्ये पदं का सापडत नाहीत याचं एक कारण गमतीशीर आहे, म्हणजे ऐकायला. शाळेला किती शिक्षक द्यायचे ते संचमान्यतेत ठरतं; ३० सप्टेंबरचा पट, तोही आधारशी जुळलेला. इथली लेकरं बीड-परभणीहून, विदर्भातून, बिहार-उत्तर प्रदेशातून आलेली. दिवाळीनंतर ठेकेदारानं माणसं आणली की वर्गात नवी दहा डोकी येतात. कुणाचं आधार गावाकडं राहिलेलं, कुणाच्या नावात दोन वेगळी स्पेलिंगं. पोरगं बाकावर बसलंय, खिचडी खातंय, पाढे म्हणतंय, कागदावर नाही. मूल कागदावर नाही म्हणून शिक्षक कागदावर नाही. आणि तेच मूल शिकवायला कुणीतरी लागतंच, म्हणून तो कुणीतरी टेम्पररी.

बाईंच्या शाळेत परत गेलो तेव्हा सत्र सुरू झालं होतं. त्या होत्या, नवा कागद मिळाला होता. कार्यालयाच्या भिंतीवर शिक्षकांच्या नावांचा तक्ता ऑइल पेंटनं रंगवलेला. त्यात त्यांचं नाव नाही. रंगाऱ्याचा खर्च दर वर्षी कोण करणार, असं लिपिक म्हणाले. वर्गात शिरल्यावर बाईंनी फळ्याच्या उजव्या कोपऱ्यात खडूनं तारीख लिहिली. खाली पट ५२, हजर ४७. मागच्या बाकावर एक मुलगा उभा राहिला, कालच आलेला, नाव कुठंच नव्हतं. बाईंनी हजरचा आकडा पुसला आणि ४८ केला. पट तसाच ठेवला.